जादूगारांची तेरीज

तत्त्वज्ञान या विषयाशी माझी गाठ आयुष्यात एकदाच पडली होती. कॉलेजच्या पहिल्या दिवशी मी चुकून आर्ट्सच्या वर्गात जाऊन बसलो. तिथं एक प्राध्यापक समोरच्या टेबलावर हात ठेवून 'हे टेबल खरोखर आहे काय?' असं विचारीत होते. टेबल होतं. त्यांचं डस्टर त्यावरच होतं. परंतु दहा मिनिटांच्या आत वर्गातल्या साठ जणांची त्या टेबलाविषयी खात्री उरली नाही. मी घाबरलो आणि मागच्या दाराने कॉमर्सच्या वर्गात पळालो. तिथं टेबल 'फर्निचर' या खात्यात होतं आणि त्यावर दरसाल दहा टक्के घसारा होता. जी वस्तू झिजते ती असलीच पाहिजे, एवढं तत्त्वज्ञान मला पुरलं. त्या बळावर मी बी. कॉम. झालो, बँकेत चिकटलो, आणि गेली बावीस वर्षं काउंटरच्या आतल्या बाजूला बसून झिजतो आहे. म्हणजे मीही असलोच पाहिजे.

अशा माणसाने एका काल्पनिक जगातल्या काल्पनिक अध्यात्मावर टीकालेख लिहावा, हे आमच्या सौभाग्यवतीला मान्य नाही. "अहो, घरातल्या खऱ्या देवाला तुम्ही कधी उदबत्ती लावत नाही, आणि पुस्तकातल्या खोट्या धर्माची चिकित्सा?" हा तिचा सवाल. सवाल बिनतोड आहे. पण याला जबाबदार मी नाही, आमची कन्या आहे. तिचं दहावीचं वर्ष असल्यामुळे ती सध्या अभ्यास सोडून सगळं वाचते.

"बाबा, तू अर्थसी वाच," ती एकदा म्हणाली.

'अर्थ' एवढंच माझ्या कानात शिरलं. वाटलं, अर्थशास्त्राचं काहीतरी असेल. पोरगी शेवटी बापाच्या वळणावर गेली. हातात पाहतो तर मुखपृष्ठावर होडी आणि जादूगार.

"जादूची पुस्तकं वाचायचं माझं वय आहे का?"

"अरे, यातली जादू तुझ्या बँकेसारखी आहे. फुकट काही मिळत नाही."

माझ्या व्यवसायाबद्दल घरात इतका आदराचा शब्द पूर्वी निघाला नव्हता. मी पुस्तक घेतलं.

'अ विझर्ड ऑफ अर्थसी' हे उर्सुला ले ग्विन या अमेरिकन लेखिकेचं पुस्तक १९६८ सालचं. बाईंचा जन्म १९२९ चा, मृत्यू २०१८ चा. वडील आल्फ्रेड क्रोबर हे मानववंशशास्त्रातलं मोठं नाव. तेव्हा कुठल्या जमातीत मुलाचं नाव कोण ठेवतं आणि मेलेल्या माणसाचं नाव का घेत नाहीत, असल्या गोष्टी या मुलीला घरच्या घरी ऐकायला मिळाल्या असणार. अर्थसी हा शेकडो बेटांचा समुद्र आहे. प्रत्येक बेटावर शेळ्या, कोळी, कांदे आणि एखादा जादूगार. रोक नावाच्या बेटावर जादूगारांचं विद्यापीठ आहे. (रोकचा रोकडीशी संबंध नाही. मी आधी तेच तपासलं.) या जगात देवळं आणि पुरोहित फारसे नाहीत; जे आहेत ते बहुतेक एका परक्या साम्राज्यात. बाकी सगळ्या बेटांवर जे चालतं ते दोन सूत्रांचं तत्त्वज्ञान.

पहिलं सूत्र नावाचं. प्रत्येक वस्तूला एक खरं नाव असतं, ते सृष्टी घडली त्या आदिम भाषेतलं असतं, आणि ते ज्याला ठाऊक त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते. म्हणून माणसं आपलं खरं नाव लपवतात आणि वापरायला दुसरं ठेवतात. कथानायक गेड हा जगासाठी स्पॅरोहॉक, म्हणजे आपल्या शिकऱ्याच्या जातीचा पक्षी. 'गेड' हे नाव त्याचा गुरू आणि एखाददुसरा जिवलग मित्र यांनाच माहीत.

कन्येला वाटलं, ही कल्पना बापाला समजावून सांगावी लागेल. मी तिला म्हटलं, अगं, ज्या देशात रोज सकाळी मोबाइलवर 'आपला पासवर्ड व ओटीपी कोणालाही सांगू नका' असा मंत्र येतो, त्या देशाच्या बँक कर्मचाऱ्याला तू खऱ्या नावाचं माहात्म्य सांगतेस? आणि ज्या महाराष्ट्रात बारशाला आत्या बाळाच्या कानात कुर्रर्र करून नाव सांगते, पत्रिकेत नावरस नाव निराळंच असतं, आणि तुझी आजी जन्मभर आजोबांचा उल्लेख 'इकडे' नाहीतर 'हे' असा करायची, तिथं ही थिअरी फार जुनी आहे. आजोबांचं खरं नाव आजीच्या तोंडून फक्त उखाण्यात निघालं, तेही चांदीच्या वाटीच्या आणि जाईच्या वेलीच्या संरक्षणात.

रोकच्या विद्यापीठात नावांचा पेपर सर्वांत कठीण. एका एकाकी मनोऱ्यात नावांचा मास्टर बसतो आणि रोज एक यादी लिहून देतो. यादी मध्यरात्रीपर्यंत पाठ करायची, कारण मध्यरात्री शाई उडून कागद कोरा होतो. आमच्या ट्रेनिंग सेंटरला हे कळलं नाही हे माझं पूर्वसुकृत. आमचीही शाई उडायची, पण परीक्षेच्या आदल्या रात्री, आणि डोक्यातली.

दुसरं सूत्र समतोलाचं. इथं मात्र मी पुस्तक उशाशी न ठेवता खुर्चीत ताठ बसून वाचू लागलो. गेडला एक मास्टर हातातल्या खड्याचा हिरा करून दाखवतो आणि सांगतो की हा नुसता भास आहे. खड्याचा खरोखरीच हिरा करायचा तर त्याचं खरं नाव बदलावं लागेल, आणि खड्याचं नाव बदलणं म्हणजे जगाचा एक तुकडा बदलणं. ते करता येतं. पण त्याने काय काय हलेल हे कळेपर्यंत करू नये. एका बेटावर मंत्राने पाऊस आणला तर तो कुणाच्या तरी आभाळातून काढलेला असतो.

वाचकहो, हे द्विनोंदी पद्धतीचं तत्त्व आहे! दर जमेला नावे, दर नावेला जमा. पाऊस खाते जमा, दुष्काळ खाते नावे. लोकांना वाटतं हिशोबाची वही आणि अध्यात्म यांचा संबंध नाही. पण ही पद्धत १४९४ साली व्हेनिसमध्ये ज्याने पहिल्यांदा छापून काढली तो लुका पाचोली फ्रान्सिस्कन पंथाचा साधू होता. बाईंना मात्र हे पाचोलीकडून मिळालं नाही. त्यांची गुरुपरंपरा चिनी. लाओत्सेचा 'ताओ ते चिंग' त्यांच्या आयुष्यभराच्या वाचनातला. १९९७ साली त्यांनी त्याचं स्वतःचं इंग्रजी रूपही प्रसिद्ध केलं. तरीपण लाओत्से कॉमर्सचा असता तर त्याने पाचोलीच वाचला असता, असं माझं नम्र मत आहे.

कल्पित जगांतली इतर तत्त्वज्ञानं मी यानंतर कन्येकडून मागवून तपासली. १९७७ च्या 'स्टार वॉर्स'मध्ये एक 'फोर्स' आहे. ती सगळीकडे आहे, सर्वांना व्यापून आहे, आणि तिचं बिल कुणाला जातं ते मात्र कळत नाही. हॅरी पॉटरच्या जगात तर रीतसर बँक आहे, गॉब्लिन जातीचा कर्मचारीवर्ग आहे, तळघरात तिजोऱ्या आहेत. पण जादूचा हिशोब कुणी ठेवत नाही. कांडी फिरवली की ताटं भरतात. ते अन्न स्वयंपाकघरातून येतं असं नंतर कळतं, एवढंच. थोडक्यात, तिथं बँक आहे पण हिशोब नाही, आणि अर्थसीत हिशोब आहे पण बँक नाही. माझं मत कुठं पडलं हे सांगायला नको.

आता गेडची गोष्ट. पोरगा हुशार, गरीब आणि गर्विष्ठ, म्हणजे स्कॉलरशिपवाला. जॅस्पर नावाच्या श्रीमंत सहाध्यायाने डिवचलं म्हणून तो रोकच्या टेकडीवर एका मृत राणीला हाक मारतो. ती क्षणभर येते. पण तिच्याबरोबर फाटलेल्या जागेतून एक काळी सावली आत शिरते आणि गेडचं तोंड फाडते. ते भगदाड बुजवताना विद्यापीठाचे वृद्ध कुलगुरू प्राणाला मुकतात. पोराच्या एका एन्ट्रीपायी एक महागुरू नावे पडला. सावली मात्र जगात मोकळी सुटते. तिला नाव नाही, आणि नाव नाही म्हणून तिच्यावर कुणाची सत्ता चालत नाही.

इथं सगळे समीक्षक म्हणे मानसशास्त्राकडे वळतात. मी वळलो सस्पेन्स अकाउंटकडे. मी नोकरीला लागलो तेव्हा आमच्या लहानशा शाखेत हाताच्या खतावण्या होत्या. संध्याकाळी बेरजा जुळल्या नाहीत तर घरी जाता येत नसे. फरक नऊने भागला गेला तर कुणीतरी ५४ चे ४५ केलेत हे ओळखायचं. नाहीच सापडलं तर रक्कम सस्पेन्समध्ये टाकायची, दिवा मालवायचा आणि शेवटची बस गाठायची. रक्कम धन्याविना तिथं पडून राहते. महिना जातो, वर्ष जातं. साहेब बदलतात. पण ऑडिटर आला की पहिलं बोट तिथंच ठेवतो, आणि मग त्या रकमेपासून सगळा स्टाफ तोंड चुकवून पळत असतो. गेडही असाच बेटामागून बेटं पळतो. शेवटी त्याचा जुना गुरू ओगियन त्याला सांगतो, की उलटा फीर आणि तिचाच पाठलाग कर. जगाच्या टोकाला, समुद्र संपतो तिथं, दोघं समोरासमोर येतात. गेड तिला नाव देतो, त्याच क्षणी ती त्याला नाव देते, आणि दोन्ही नावं एकच: गेड. रक्कम त्याच्याच खात्यावर पडते. सस्पेन्स निल.

ते प्रकरण वाचून झाल्यावर मी उठून पाणी प्यायलो. मला त्या शाखेतले १७० रुपये आठवले. ती एन्ट्री माझी होती. मी ती कधीच कुणाला सांगितली नाही; आता इथं छापून येते आहे.

एवढं कौतुक झाल्यावर टीका करायला हवी, नाहीतर टीकालेख कसला? तर समतोलाच्या या तत्त्वज्ञानाबद्दल माझा पहिला संशय तिसऱ्या पुस्तकात जागा झाला. 'द फार्दस्ट शोअर' हे १९७२ चं. त्याला पुढल्या वर्षी अमेरिकेतलं नॅशनल बुक अवॉर्ड मिळालं. गेड आता स्वतः रोकचा प्रमुख आहे, आणि तरुण राजपुत्राला होडीत बसवून तो शिकवतो की करावंच लागेल तेवढंच करावं, बाकी काही करू नये. वाक्यं सुंदर आहेत. पण ती वाचताना माझ्या डोळ्यांसमोर आमचे एक जुने साहेब आले. त्यांच्या टेबलावरची फाइल पावसाळ्यात आली तर पुढच्या पावसाळ्यात निघे. 'एक सही केली की दहा उपस्थित होतात,' असं ते शांतपणे म्हणत. विडी कामगाराचं कर्ज, विधवेचं पेन्शन, शिपायाची रजा, सगळं त्यांनी समतोलात ठेवलं होतं. रोकवर असते तर ते नक्की मास्टर झाले असते.

मुद्दा असा, की समतोल सांभाळायचा म्हटलं म्हणजे आधी होता तो बरोबर होता, असं धरून चालावं लागतं. रोजच्या जमा-नावेची तेरीज कितीही जुळू द्या. ओपनिंग बॅलन्स कुणी तपासला? कॉमर्सच्या पहिल्या वर्षाला शिकवतात: तेरीज जुळली म्हणजे वह्या बरोबर आहेत असं सिद्ध होत नाही. काही चुका तेरजेत दिसतच नाहीत. त्यांतली सर्वांत साधी विसरचूक. व्यवहार दोन्हीकडे नोंदायचाच राहिला तर दोन्ही बाजू बिनचूक जुळतात. जे लिहिलंच नाही त्याचा फरक पडत नाही.

अर्थसीच्या वहीत काय लिहायचं राहिलं होतं? बायका.

रोकच्या विद्यापीठात बाईला प्रवेश नाही. ज्या गोंट बेटावर गेड जन्मला तिथं बायकांच्या जादूबद्दल दोन म्हणी आहेत. एक तिला दुबळी म्हणते, दुसरी दुष्ट. लेखिका स्वतः बाई, पण १९६८ साली या म्हणी त्यांनी वहीत तशाच उतरवून घेतल्या. गेडची आई तो वर्षाचा व्हायच्या आत गेली. त्याला सांभाळलं मावशीने. ती गावची चेटकीण. शेळी छपरावर चढली तेव्हा तिला उतरवायला मावशीने जो शब्द उच्चारला, तो गेडने ऐकलेला पहिला मंत्र. त्याच्या विद्येचा श्रीगणेशा तिथला. पुढं तेराव्या वर्षी नामकरण झालं, तेव्हा आईने ठेवलेलं 'डनी' हे नाव काढून घ्यायचं काम या मावशीने केलं. पोर नाव टाकून झऱ्याच्या थंड पाण्यात उतरलं आणि पलीकडच्या काठावर जादूगाराने त्याला खरं नाव दिलं. आता गंमत पाहा. ज्या पुस्तकात नाव म्हणजेच सत्ता, दगडालासुद्धा नाव, ड्रॅगनला नाव, गेडच्या खांद्यावरच्या मुंगसाएवढ्या जनावराला नाव, त्या पुस्तकात या मावशीला नाव नाही. आईलाही नाही. तेरीज मात्र जुळते.

हे मला दिसलं त्याचं श्रेय माझ्या विद्वत्तेला नाही. त्याच आठवड्यात आमच्या घरात एक पासबुक सापडलं.

वडील दोन वर्षांपूर्वी गेले. त्यांच्या कपाटाच्या तळाशी, लाइट बिलांच्या गठ्ठ्याखाली, १९७१ सालचं एक बारकं पासबुक होतं. आत ८८ रुपये ४० पैसे शिल्लक. त्यावरचं नाव मला परकं वाटलं. मी ते आईला वाचून दाखवलं, तर ती हातातली भाजी निवडायची थांबून म्हणाली, "अरे, ही मी."

आई लग्नाआधी वर्षभर एका शिवणवर्गात शिकवीत असे. तो तिचा पगार. मग लग्न झालं, आणि रिवाजाप्रमाणे ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीने नवं नाव लिहिण्यात आलं. आईचं जुनं नाव मी इथं देत नाही. अर्थसीत तसा रिवाजच आहे. मला स्वतःला ते पंचेचाळिसाव्या वर्षी कळलं, हे मात्र कबूल करतो. 'माहेरचं नाव काय?' हे मी काउंटरवर हजारदा विचारलं असेल. घरी एकदाही नाही.

खातं दुसऱ्या बँकेत होतं. दहा वर्षं कुणी हात न लावलेली ठेव २०१४ पासून रिझर्व्ह बँकेच्या एका निधीत जाते; पण मालक आला तर बँकेने ती दिली पाहिजे, असा नियम आहे. मालक आला तर. आम्ही आईला रिक्षात घालून घेऊन गेलो. काउंटरवरचा गृहस्थ माझ्याच वयाचा, माझ्यासारखाच टकलाकडे झुकलेला, आणि माझ्यासारखाच सभ्य होता. तो म्हणाला, "आजी, पासबुक बरोबर आहे. पण त्यातल्या त्या तुम्हीच, याला पुरावा?"

हे वाक्य मी इतक्यांदा म्हटलं आहे की माझे ओठ आपोआप हलले. बायका यायच्या, आधारवर एक नाव, जुन्या ठेवीवर दुसरं. मी स्टँपपेपरवर प्रतिज्ञापत्र आणायला सांगायचो: 'अमुक व तमुक या दोन्ही नावांची व्यक्ती एकच असून ती मीच आहे.' त्या मुकाट्याने आणायच्या. माझी तेरीज जुळायची. आईच्या शाळेचा दाखला पुरात गेला, लग्नाची नोंदणी तेव्हा कुणी करीत नसे, आणि नाव बदलल्याची जी एकमेव नोंद, ती तांदळावर. त्याचा दुसऱ्या दिवशी भात झाला असणार. व्हाउचर वऱ्हाडाने खाल्लं.

त्या रात्री मी कन्येकडून पुढची पुस्तकं मागून घेतली. दुसरं, 'द टूम्ब्स ऑफ अटुआन', १९७१ चं. (आईच्या पासबुकाचं साल तेच, हा योगायोग मी कन्येला लगेच दाखवला.) त्यात टेनार नावाची एक मुलगी आहे. लहानपणीच तिला उचलून देवस्थानात आणतात, पूर्वीच्या पुजारिणीचा अवतार ठरवतात आणि तिचं नाव काढून घेतात. मग ती फक्त 'अर्हा', म्हणजे गिळली गेलेली. अंधाऱ्या भुयारांत ती मोठी होते. चोरी करायला आलेला गेड तिच्या ताब्यात सापडतो, आणि तिला तिचं नाव परत देतो. ते पान मी दोनदा वाचलं. पहिल्या वेळी समीक्षक म्हणून.

यानंतर बाई अठरा वर्षं गप्प राहिल्या. म्हणजे इतर खूप लिहीत होत्या, या त्रयीला चौथं पुस्तक नाही. १९९० साली 'तेहानू' आलं. त्यावर 'अर्थसीचं शेवटचं पुस्तक' असं छापलं होतं. आमच्याकडे मार्चअखेरीला 'फायनल' लिहिलेल्या कागदानंतर 'फायनल-दोन' निघतो, तशी नंतर आणखी दोन पुस्तकं २००१ मध्ये निघाली. पण ते असो. 'तेहानू'मध्ये टेनार गोंट बेटावरची प्रौढ शेतकरी विधवा आहे. गावात तिला 'गोहा' म्हणतात. पुन्हा नाव गेलंच. तिच्या पदरात एक मुलगी आहे, माणसांनी आगीत टाकलेली, अर्धी भाजलेली. आणि महान गेड? तिसऱ्या पुस्तकात मृत्यूचं दार बंद करताना त्याची सगळी शक्ती संपली. तो रिकामा होऊन घरी येतो आणि शेळ्या राखायला जातो.

हे पुस्तक पुष्कळ वाचकांना मुळीच आवडलं नाही. आमच्या जादूगाराला शेळ्या राखायला लावल्या! बाईंनी आपलंच जग मोडलं! कन्येचा एक मित्रही याच पक्षाचा आहे. माझं म्हणणं निराळं आहे. बँकेत चुकलेल्या नोंदीवर खाडाखोड चालत नाही. ब्लेडने खरवडणं तर गुन्हाच. चुकीची नोंद जिथल्या तिथं दिसत राहिली पाहिजे, आणि खाली आजच्या तारखेने दुरुस्तीची नोंद सहीनिशी घातली पाहिजे. बाईंनी नेमकं हेच केलं. पहिल्या पुस्तकातल्या त्या दोन म्हणी खोडून नवी आवृत्ती काढणं सोपं होतं. त्यांनी म्हणी तशाच ठेवल्या, आणि बावीस वर्षांनी खाली लिहिलं की इथं एवढी माणसं मोजायची राहिली होती. इतकी मोठी कीर्ती मिळालेल्या वहीत स्वतःच्या हाताने विसरचूक दाखवणारा लेखक मला तरी दुसरा भेटलेला नाही. अर्थात माझं वाचन बेताचं आहे.

'तेहानू' सगळं जमलंय असंही नाही. मधेच काही पानांवर बाई गोष्ट चुलीवर ठेवून वाद घालायला बसतात, आणि गोष्ट खाली लागते. शेवटही मला पटत नाही. दुष्ट जादूगार टेनार आणि गेडला कड्यावर नेतो, आणि ऐनवेळी आकाशातून ड्रॅगन येऊन सुटका करतो. तीन पुस्तकं पै-पैचा हिशोब शिकवायचा आणि चौथ्यात लॉटरी लागू द्यायची! ड्रॅगनला बोलावणारी ती भाजलेली मुलगीच, तिचं नातं त्यांच्याशी आहे, हे खरं. तरी ही जमा मी ऑडिटरपुढे ठेवायला धजणार नाही.

पण २००१ च्या 'द अदर विंड'ने माझ्या शंकेचं थेट मुळाशी जाऊन उत्तर दिलं. अर्थसीत मेलेली माणसं एका कोरड्या प्रदेशात जातात. तिथं दगडी कुंपण आहे, हलणारे तारे नाहीत, पाणी नाही, आणि ज्यांनी एकमेकांवर जीव टाकला ती माणसं समोरून ओळख न देता जातात. पहिल्या तीन पुस्तकांत हे असंच असतं, सृष्टीचा नियमच आहे, असं धरलेलं. शेवटच्या पुस्तकात फुटकी भांडी सांधणारा एक साधा मांत्रिक येतो. त्याची मेलेली बायको स्वप्नात कुंपणापलीकडून त्याला हाक मारते. त्या हाकेचा माग काढता काढता उघड होतं, की हा नियम नव्हेच. फार पूर्वी माणसं आणि ड्रॅगन यांची वाटणी झाली: माणसांनी वस्तू घेतल्या, ड्रॅगननी स्वातंत्र्य. नंतर जुन्या जादूगारांनी अमर व्हायच्या लोभाने ड्रॅगनच्या वाट्यातला मुलूख चोरून त्याला कुंपण घातलं. कोरडा प्रदेश ही ती चोरी. म्हणजे ओपनिंग बॅलन्सच खोटा होता, आणि त्यावर पिढ्यान्‌पिढ्या बिनचूक तेरीज लागत होती! शेवटी जिवंत आणि मेलेली मिळून ते कुंपण पाडतात. बाईंचं वय तेव्हा बहात्तरीच्या घरात होतं. रिटायर होऊन मला बारा वर्षं झाल्यावर माझी एखादी एन्ट्री चूक निघाली, तर मी पत्ता बदलीन.

पंधरा दिवसांनी त्या बँकेतून फोन आला. माझा तो समवयस्क आणि समटकली गृहस्थ स्वतः रेकॉर्डरूममध्ये उतरला होता. (हे मी आजवर कुणासाठी केलेलं नाही. नोंद घ्यावी.) १९७१ चं नमुना सहीचं कार्ड सापडलं होतं. प्रतिज्ञापत्र आम्ही नेलंच होतं. आईसमोर त्याने कोरा कागद ठेवला.

"आजी, जुन्या नावाने सही जमेल?"

मला वाटलं, जमणार नाही. पेन्शनच्या कागदावर नव्या नावाची सही करताना तिला तीनदा पेन उचलावं लागतं. आईने चष्मा सारखा केला आणि पेन न उचलता एका झटक्यात सही केली. शेवटच्या अक्षराखाली एक लांब, फाजील आत्मविश्वासाची रेघ मारली आणि रेघेवर दोन टिंबं दिली. माझ्या ओळखीच्या आईने असली रेघ मारली नसती.

गृहस्थाने कार्ड शेजारी धरलं. मीही वाकून पाहिलं, सवयच ती. रेघ तीच. टिंबंही दोन.

"जुळते," तो म्हणाला. "व्याजासकट रक्कम येईल. कुठल्या खात्यात जमा करू? या नावाचं चालू खातं आहे का एखादं?"

"नाही," आई म्हणाली. "उघडा की."

त्या नावाने खातं उघडायचं तर त्या नावाचं आधार लागेल, पॅन लागेल, पत्त्याचा पुरावा लागेल, हे सांगायला मी तोंड उघडलं. काउंटरपलीकडच्या माणसानेही उघडलं. आम्ही एकमेकांकडे पाहिलं आणि दोघांनीही मिटलं. आई तोवर पेनचं टोपण शोधत होती. ते पेन दोरीने काउंटरला बांधलेलं होतं, त्याला टोपण नव्हतंच.